‘ओलं बोलू नये’ : कादंबरीसाठी एक दर्शन, म्हणजे तत्त्वज्ञान, रचलं, नोंदवलं आणि छापलं, त्याची हकिगत

आमचं मूळ गाव उजनीच्या पाण्याखाली आहे. भीमेवरचं हे धरण १९८० मध्ये पूर्ण झालं आणि माझा जन्म त्याच्या पुढच्या वर्षीचा. त्यामुळे गाव मी पाहिलेलं नाही, फक्त ऐकलेलं आहे, तेही आजीकडून.

मे २०१९ मध्ये आजीला घेऊन पळसदेवला गेले. पुणे-सोलापूर रस्त्यावर भिगवण मागे टाकलं की हे गाव लागतं. त्या उन्हाळ्यात धरण अगदी तळाला गेलं होतं आणि एरवी पाण्यात असणारं पळसनाथाचं जुनं देऊळ उघडं पडलं होतं. माणसं होडीतून, काही ठिकाणी चालतसुद्धा, दर्शनाला जात होती. आजी तेव्हा ८४ वर्षांची. होडीत बसायला तिनं साफ नकार दिला. काठावरच्या चहावाल्याकडून प्लास्टिकची खुर्ची मागून घेतली आणि तिला तिथं बसवलं. चिखल वाळून त्याच्या खपल्या झालेल्या होत्या, त्यावर शिंपल्यांचा सडा. मी विचारलं, “आजी, आपलं घर कुठल्या अंगाला होतं गं?”

तिनं बराच वेळ पाण्याकडे बघितलं. मग म्हणाली, “त्या तिकडं. पर तितलं अजून वलं हाय. वलं हाय तवर काय बोलू नाई.”

मी तेव्हा दोन वर्षं एक अद्भुतरम्य कादंबरी लिहीत होते. एक मोठं सरोवर, त्याच्या काठची राज्यं, नकाशे, वंशावळी, सगळं तयार होतं. देवळं होती, पुजारी होते, मंत्र होते. पण त्या माणसांचा कशावर विश्वास आहे हे मलाच ठाऊक नव्हतं. घरी येऊन रात्री वहीत आजीचं वाक्य लिहिलं आणि त्याच्याखाली लिहिलं : या सरोवराच्या लोकांचं दर्शन इथून सुरू होतं.

तिथपासून छापील पुस्तक हातात येईपर्यंत जवळजवळ पाच वर्षं गेली. मधे मधे अडकले तेव्हा मराठीत कुणी अशा कामाची हकिगत लिहून ठेवली आहे का, हे मी शोधत असायचे. कल्पित जगातलं तत्त्वज्ञान कसं उभं करायचं आणि ते झाल्यावर कागदपत्रांचं काय करायचं, या दोन्ही गोष्टी एकत्र कुठं सापडल्या नाहीत. म्हणून तारखा, खर्च आणि चुका यांच्यासकट लिहिते आहे.

त्या दर्शनाला मी ‘ओसरमत’ असं नाव दिलं. मूळ कल्पना अशी : जग म्हणजे पाण्यात गेलेलं एक नगर आहे. ते पाणी विस्मरणाचं आहे. आपण सगळे त्या नगराचे रहिवासी, पण आता काठावर राहतो आणि काठालाच गाव समजतो. सत्य पाण्याखाली आहे, पण ते आत शिरून मिळत नाही, कारण आत शिरणारा पाणी गढूळ करतो. पाणी ओसरतं तेव्हाच दिसतं, आणि ओसरणं आपल्या हातात नसतं. या मार्गानं चालणारा तो ‘काठकर’.

ऑगस्ट २०१९ पर्यंत याची बारा पानं झाली. मी ती सूत्रांच्या रूपात लिहिली होती आणि भाषा होईल तितकी संस्कृतप्रचुर ठेवली होती. ‘जलापसरणमेव ज्ञानम्’ अशा थाटाची वाक्यं. मैत्रिणीच्या ओळखीनं तत्त्वज्ञानाचे एक निवृत्त प्राध्यापक भेटले, त्यांना वाचायला दिली. आठ दिवसांनी फोन आला, “या एकदा. चहाला या.”

सरांनी पानं समोर ठेवली. कुठंही लाल रेघ नव्हती. ते म्हणाले, “सुंदर आहे. पण हे दर्शन नाही झालं अजून, ही प्रतिमा झाली. मी तीन प्रश्न विचारतो, त्यांची उत्तरं लिहून आणा. एक, तुमचे हे लोक पुरावा कशाला मानतात? दोन, यांच्याशी भांडतो कोण? तीन, काठकर सकाळी उठल्यावर काय करतो?”

अशा वाटेनं जायचं असेल तर हे तीन प्रश्न आधी वहीच्या पहिल्या पानावर लिहा. माझी पुढची दोन वर्षं त्यांच्यातच गेली आणि एकही दिवस वाया गेला असं वाटत नाही.

पहिल्या प्रश्नासाठी प्रमाणविचार, म्हणजे खरं ज्ञान कोणत्या साधनानं होतं याचा विचार, वाचावा लागला. आपल्याकडच्या दर्शनांत हे फार नेटकं मांडलेलं आहे : चार्वाक फक्त प्रत्यक्ष मानतो, नैयायिक प्रत्यक्ष, अनुमान, उपमान आणि शब्द अशी चार प्रमाणं मानतात, भाट्ट मीमांसक आणि अद्वैती त्यांत अर्थापत्ती आणि अनुपलब्धी यांची भर घालून सहा करतात. अनुपलब्धीपाशी मी थबकले. जमिनीवर घडा नाही हे आपल्याला कळतं ते कशानं? घडा न दिसण्यानं. म्हणजे न दिसणं हेसुद्धा जाणण्याचं एक साधन. माझ्या काठकरांना हवं होतं ते याच्या शेजारचं काहीतरी. शेवटी मी त्यांना एकच नवं प्रमाण दिलं, ‘ओसर’ : पाणी मागे हटल्यावर जे जागेवर राहिलेलं असतं ते खरं, जे पाण्याबरोबर गेलं ते नव्हतंच असं मात्र म्हणायचं नाही, त्याबद्दल गप्प राहायचं. आजीचं वाक्य इथं सूत्र म्हणून बसलं : ओलं बोलू नये.

वाचायला फार पैसे लागले नाहीत. मराठी विश्वकोश इंटरनेटवर फुकट वाचता येतो, त्यातल्या भारतीय दर्शनांवरच्या नोंदी मी छापून घेतल्या. मराठी तत्त्वज्ञान महाकोशाचे तीन खंड ग्रंथालयात बसून वाचले, टिपणं काढली. झेरॉक्स आणि येण्याजाण्याचा खर्च धरून वर्षभरात साधारण अडीच हजार रुपये झाले. एक सांगते, वाचताना सापडेल ते सगळं कादंबरीत कोंबायचा मोह होतो. मी दोनदा तो केला आणि दोन्ही वेळा चाळीसेक पानं काढून टाकावी लागली.

तिसरा प्रश्न, सकाळी उठून काय करतो, हा मला सर्वांत सोपा वाटला होता. तोच सगळ्यांत जास्त फळला. काठकर पहाटे पाण्याच्या कडेला जातो आणि जिथं पाणी टेकलेलं असतं तिथं एक दगड ठेवतो. बस, एवढंच. त्याला ‘खूण’ म्हणतात. दुसऱ्या दिवशी दगड कोरडा असला तर दोन पावलं पुढं नवा दगड. दगड बुडाला असला तर मागं यायचं आणि रागवायचं नाही. पावसाळ्यात रोज मागंच यायचं असतं, त्या चार महिन्यांना ‘परत’ म्हणतात आणि त्यांतच खरी साधना असते असं त्यांचे जुने लोक मानतात.

हे ठरल्यावर माणसं आपोआप सुचत गेली. आळशी काठकर आठवड्याचे दगड एकदम ठेवतो. लबाड काठकर रात्री येऊन आपला दगड पुढं सरकवतो. लहान मुलं खुणांच्या दगडांनी खेळतात आणि त्यांना कुणी ओरडत नाही, कारण मुलांनी हलवलेला दगड हा पाण्यानं हलवलेला मानायचा असा नियम आहे. हा नियम मला बसमध्ये सुचला, स्वारगेट ते कात्रजच्या दरम्यान, आणि उतरेपर्यंत मी मनातल्या मनात तो घोकत बसले, कारण पिशवीत पेन नव्हतं. तेव्हापासून एक छोटी वही आणि पेन्सिल जवळ असतेच.

सूत्रांची भाषाही याच काळात बदलली. सरांनी एका वाक्यावर बोट ठेवून विचारलं होतं, “हे तुमचा कोळी म्हणेल का?” माझ्या सरोवरावर निम्मे लोक मासे धरणारे. मग संस्कृत काढलं आणि सगळी सूत्रं बोलण्यातल्या शब्दांत लिहिली. ‘उपसू नये, ओसरू द्यावं.’ ‘खूण आपली, पाणी आपलं नाही.’ ‘काठ म्हणजे गाव नव्हे.’ लहान झाली आणि जड झाली. वाचकानं चौथ्या प्रकरणात वाचलेलं सूत्र विसाव्या प्रकरणात एखाद्या पात्राच्या तोंडून आलं की त्याला ओळखता यावं, हे संस्कृतात होत नव्हतं.

गूढ दर्शन म्हटलं की गुप्त पोथ्या हव्यात, हाही माझा एक हट्ट होता. महानुभावांच्या पोथ्या सकळ लिपीसारख्या सांकेतिक लिप्यांत लिहिल्या गेल्या आणि कितीतरी शतकं पंथाबाहेरच्यांना त्या वाचता आल्या नाहीत, हे वाचल्यावर मी तशीच एक लिपी बनवायला बसले. तीन आठवडे अक्षरं गिरवली. मग लक्षात आलं की माझ्या लोकांना लिपीची गरजच नाही, त्यांच्याकडे पाणी आहे. सूत्रं सरोवराच्या घाटावर कोरलेली आहेत, एका पायरीवर एक, अशा ४१ पायऱ्या. पहिल्या दहा दर उन्हाळ्यात दिसतात. विसाव्या पायरीपर्यंत पाणी दहा-बारा वर्षांतून एकदा उतरतं. पस्तिसावी पायरी पाहिलेला माणूस पिढीत एखादा. शेवटची पायरी कुणीच पाहिलेली नाही. त्यामुळे सगळं दर्शन कुणालाच ठाऊक नाही आणि वरच्या पायऱ्यांवरून केलेली टीका खालच्या पायरीनं मोडीत निघते. कादंबरीतलं अर्धं भांडण या एका गोष्टीतून निघालं.

आता दुसरा प्रश्न. यांच्याशी भांडतो कोण?

आपल्याकडे शास्त्रग्रंथात आपलं मत मांडण्याआधी पूर्वपक्ष मांडायची रीत आहे. विरोधकाचं म्हणणं त्याच्याही पेक्षा चांगलं मांडायचं आणि मग उत्तर द्यायचं. मी ‘बुडे’ नावाचा पंथ तयार केला. हे लोक श्वास कोंडून बुडी मारतात आणि तळातून काहीबाही वर आणतात : कौल, मणी, पणतीचा तुकडा. पहिल्या खर्ड्यात ते सगळे उतावळे आणि लोभी होते. सरांनी ते वाचलं आणि बराच वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, “मी बुडा असतो तर तुमच्या काठकराला एकच विचारलं असतं. पाणी ओसरायच्या आधी जो मेला, त्याचं काय?”

माझ्याकडे उत्तर नव्हतं. ही फेब्रुवारी २०२० ची गोष्ट. मार्चमध्ये टाळेबंदी लागली आणि सरांकडे जाणं बंद झालं. फोनवर बोलायचो, पण मी उत्तर टाळत राहिले. त्या वर्षात मेलेल्यांचे आकडे रोज कानावर पडत होते आणि तो प्रश्न कादंबरीतला राहिला नव्हता. काठावर बसून वाट पाहा असं सांगणारं मत मला निर्दयी वाटायला लागलं. पाच महिने मी फाइल उघडलीच नाही. या काळात कुणी ‘रोज पाचशे शब्द तरी लिही’ असं सांगितलं की मला त्रास व्हायचा. उत्तर सापडत नसताना शब्द वाढवून उपयोग नसतो. फाइल बंद ठेवली ते बरं केलं असं आजही वाटतं.

ऑक्टोबर २०२१ मध्ये आजी गेली. धरणात तेव्हा पाणी वर चढलेलं होतं, देवळाचा मागमूसही नव्हता. तिचं घर तिला पुन्हा दिसलं नाही.

दिवस झाल्यावर आत्यानं आजीच्या ट्रंकेतून एक फडक्याची पुरचुंडी काढली. आत एक दगड होता, मुठीत मावेल एवढा, चपटा, एका बाजूला हळदीचा डाग. जुन्या घराच्या उंबऱ्याखालचा. गाव सोडताना तिनं तो काढून घेतला होता आणि चाळीस वर्षं कुणाला सांगितलं नव्हतं. आत्या म्हणाली, “हा आता तू ठेव. तुला कळतंय गावाचं.” मी तो हातात घेतला. गार होता आणि दिसतो त्याहून जड होता. त्या रात्री मी सरांना लांबलचक मेसेज लिहिला. मेलेल्याची खूण जागेवर राहते. पुढचा माणूस आपल्या पायापासून मोजायला सुरुवात करत नाही, त्या दगडापासून करतो. वाट पाहणं हे एका माणसाचं काम कधीच नव्हतं, ते काठाचं काम आहे. म्हणून काठकर मेला की त्याला काही करत नाहीत, फक्त त्याचा शेवटचा दगड कुणीही हलवायचा नाही.

सरांचं उत्तर सकाळी आलं : “बुड्याचं समाधान होणार नाही. पण आता त्याला विचार करावा लागेल.” कादंबरीत बुडे हरत नाहीत, ते याच वाक्यामुळे.

नोव्हेंबर २०२२ मध्ये खर्डा पूर्ण झाला, सुमारे ८० हजार शब्द. आणि मग मला भीती वाटायला लागली की हे कुणी चोरलं तर? पहिल्यांदा लिहिणाऱ्या बहुतेकांना ही भीती वाटते. म्हणून हा भाग थोडा सविस्तर सांगते.

ओळखीत एक वकील आहेत, मावसभावाचे मित्र. त्यांना फोन केला तर पहिलंच वाक्य, “ताई, विचाराला कॉपीराइट नसतो.” १९७८ च्या आर. जी. आनंद खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं हे स्पष्ट केलं आहे : कल्पना, विषय, कथासूत्र यांवर हक्क सांगता येत नाही, ते ज्या रूपात मांडलं त्या मांडणीवर सांगता येतो. म्हणजे ओसरत्या पाण्याचं दर्शन उद्या कुणीही लिहू शकतो. माझी वाक्यं उचलू शकत नाही. शीर्षकालाही कॉपीराइट मिळत नाही. मी दोन दिवस अस्वस्थ होते. मग वाटलं, अनुपलब्धी मी कुठून घेतली? पूर्वपक्षाची रीत कुणाची? विचारांना कुंपण असतं तर मला हे रचताच आलं नसतं.

त्यांनी आणखी एक सांगितलं. हक्क लिहिल्याक्षणी मिळतो, नोंदणी सक्तीची नाही. पण पुढं वाद झाला तर नोंदणीचा दाखला पुरावा म्हणून उपयोगी पडतो. लेखकाच्या हयातीत आणि मृत्यूनंतर ६० वर्षं हक्क टिकतो. मी नोंदणी करायची ठरवली.

९ जानेवारी २०२३ रोजी कॉपीराइट कार्यालयाच्या संकेतस्थळावर खातं उघडलं. अर्ज १४ क्रमांकाच्या नमुन्यात असतो, त्याला दोन तपशीलपत्रकं जोडलेली असतात. साहित्यकृतीसाठी फी ५०० रुपये, ऑनलाइन भरली. हस्तलिखित पीडीएफ करून चढवायचं, सहीचा फोटोही चढवावा लागतो. पैसे भरल्याबरोबर डायरी क्रमांक मिळतो. तो लगेच कागदावर लिहून ठेवा आणि पावती दोन ठिकाणी जपा, कारण पुढं सगळी विचारणा त्याच क्रमांकावर होते. अर्ज मराठी कादंबरीचा असला तरी मी तपशील इंग्रजीत भरले आणि शीर्षक रोमन लिपीत ज्या स्पेलिंगनं लिहिलं तेच सगळीकडे ठेवलं. एका जागी जोडून आणि दुसऱ्या जागी तोडून लिहिलं तर तेवढ्यावरून पत्रव्यवहार वाढू शकतो.

त्यानंतर ३० दिवस काहीच होत नाही. कुणाला हरकत घ्यायची असेल तर त्यासाठी ही मुदत ठेवलेली असते. मी रोज स्थिती तपासत होते, त्याची गरज नव्हती. आठवड्यातून एकदा पुरे.

१४ मार्चला त्रुटीचं पत्र आलं. चूक माझी होती. हस्तलिखिताच्या पीडीएफमध्ये सरोवराचा नकाशा होता आणि तो माझ्या भाचीनं काढलेला. चित्र दुसऱ्याचं असेल तर त्याचं ना हरकत पत्र लागतं, हे मी अर्ज भरताना लक्षातच घेतलं नव्हतं. उत्तराला ३० दिवस मिळतात. भाची बंगळुरूला नोकरी करते. तिच्याकडून सही केलेलं पत्र कुरिअरनं मागवलं, स्कॅन केलं आणि २९ मार्चला पाठवलं. “मावशी, माझं नाव सरकारी कागदावर येणार का?” तिनं विचारलं. ना हरकत पत्रात आलं. माझा सल्ला असा की नकाशा, चित्रं, मुखपृष्ठ यांत दुसऱ्या कुणाचा हात असेल तर अर्ज भरण्याआधीच पत्रं गोळा करून ठेवावीत. माझे दोन महिने तरी वाचले असते.

अर्जात लेखकाच्या नावाचा रकाना भरताना मी एकदा थांबले होते. ‘ओलं बोलू नये’ हे वाक्य माझं नाही. वकिलांना विचारलं तर ते म्हणाले, “आजीनं बोललेलं एक वाक्य आहे, ताई. कायद्याच्या दृष्टीनं अडचण नाही.” रकान्यात माझं एकटीचंच नाव गेलं. मग अर्पणपत्रिकेत ते वाक्य तिच्या बोलीत, तिच्या नावासकट छापलं. त्याशिवाय मला बरं वाटलं नसतं.

२१ जुलै २०२३ रोजी कॉपीराइट नोंदवहीचा उतारा, म्हणजे नोंदणीचा दाखला, ईमेलनं आला. अर्जापासून सहा महिने बारा दिवस.

प्रकाशकांचा भाग थोडक्यात सांगते. चार ठिकाणी हस्तलिखित पाठवलं. दोघांचं उत्तर आलं नाही, एकांनी नम्रपणे नाही म्हटलं, एकांनी निम्मा खर्च लेखकानं उचलावा असं सुचवलं. विचार करून मी स्वतःच काढायचं ठरवलं. त्यासाठी आयएसबीएन, म्हणजे पुस्तकाचा आंतरराष्ट्रीय ओळख क्रमांक, हवा. तो दिल्लीच्या राजा राममोहन रॉय राष्ट्रीय आयएसबीएन संस्थेकडून मिळतो आणि पूर्णपणे मोफत असतो. यासाठी पैसे मागणारे मध्यस्थ भरपूर आहेत, एक रुपयाही देऊ नका. लेखक-प्रकाशक म्हणून नोंदणी केली, ओळखपत्र आणि शीर्षकपानाची प्रत जोडली. नोव्हेंबरमध्ये अर्ज, डिसेंबरमध्ये क्रमांक. ई-पुस्तक काढणार असाल तर त्याला वेगळा क्रमांक लागतो, दोन्ही एकदम मागून घ्या.

छपाईत मला सगळ्यांत जास्त शिकायला मिळालं. माझं लेखन युनिकोडमध्ये आणि मांडणी करणाऱ्यांचे फॉन्ट जुन्या पद्धतीचे. मजकूर एकातून दुसऱ्यात नेला की जोडाक्षरं मोडतात. ‘पायऱ्या’ हा शब्द माझ्या पुस्तकात चारशेच्या वर वेळा आहे आणि पहिल्या प्रुफात प्रत्येक ठिकाणी तो ‘पायर्या’ झाला होता. शोधून एकदम बदलता आला, पण ‘दुसऱ्या’, ‘कोऱ्या’, ‘वाऱ्यानं’ ही सगळी मंडळी एकेक करून पाहावी लागली. तीन प्रुफं वाचली, दोन मी आणि एक आत्यानं मोठ्यानं वाचून. मोठ्यानं वाचलेल्यात जेवढ्या चुका सापडल्या तेवढ्या माझ्या दोन्हींत मिळून सापडल्या नव्हत्या.

पानं फर्म्यात मोजतात, एक फर्मा १६ पानांचा. माझं पुस्तक २७५ पानांवर जात होतं, म्हणजे तीन पानांसाठी आणखी एक फर्मा. शेवटची शब्दसूची बारीक टाइपात घेऊन २७२ वर आणलं, १७ फर्मे. डेमी आकार, ३०० प्रती, मुखपृष्ठ आणि बांधणी धरून ४३ हजार रुपये. मांडणीचे साडेआठ हजार वेगळे. हे पैसे दोन वर्षं महिन्याला थोडे थोडे बाजूला टाकले होते. मार्च २०२४ च्या दुसऱ्या आठवड्यात गठ्ठे घरी आले आणि दिवाणखान्यात चालायला जागा उरली नाही.

पुस्तक निघाल्यावर एक काम बरेच जण विसरतात. १९५४ च्या कायद्याप्रमाणे प्रकाशकानं ३० दिवसांच्या आत प्रत्येकी एक प्रत कोलकात्याचं राष्ट्रीय ग्रंथालय, मुंबईचं एशियाटिक सोसायटीतलं मध्यवर्ती ग्रंथालय, चेन्नईचं कॉनेमारा ग्रंथालय आणि दिल्ली पब्लिक लायब्ररी यांना स्वखर्चानं पाठवायची असते. स्वतः छापलं म्हणजे आपणच प्रकाशक. चार पुडकी बांधली, टपालाच्या पावत्या फाइलला लावल्या. कोलकात्याच्या पुडक्यावर पत्ता लिहिताना माझा हात थोडा थरथरला. आजीच्या गावाची आठवण तिच्या बोलीतल्या वाक्यासकट आता तिथं ठेवली जाणार होती.

पहिली प्रत सरांना नेऊन दिली. त्यांनी आधी बुड्यांचं प्रकरण काढलं आणि उभ्याउभ्याच वाचायला लागले. काकूंनी चहा आणून ठेवला, तो गार झाला.

मे २०२४ च्या पहिल्या आठवड्यात आत्याला घेऊन पुन्हा पळसदेवला गेले. पाणी त्या वर्षीही खूप खाली होतं, देऊळ उघडं होतं, गर्दी २०१९ पेक्षा जास्त. कुणी जाणार असाल तर सकाळी लवकर जा, डोक्याला काहीतरी बांधा आणि होडीत लाइफ जॅकेट असल्याशिवाय पाय ठेवू नका. आत्या होडीत बसली. देवळापाशी उतरून तिनं पायातल्या चपला काढल्या, आत जाऊन आली आणि मग बाहेर उभी राहून बोटानं दाखवायला लागली. हा रस्ता, इकडं वाणी राहायचा, इथं चिंच होती. तिचं बोट हळूहळू सरकत पाण्यावर गेलं, काठापासून बरंच आत, आणि तिथं थांबलं.

“तिथं आपलं घर,” ती म्हणाली. “अजून ओलं आहे.”

मी पिशवीतून पुरचुंडी काढली. उंबऱ्याखालचा तो दगड बरोबर आणला होता, काठावर ठेवून यावा असं मनात होतं. आत्यानं तो हातात घेतला, पदरानं पुसला आणि परत माझ्या पिशवीत ठेवला. मग खाली वाकून तिथलाच एक दगड उचलला आणि पाणी जिथं टेकलं होतं तिथं ठेवला.